महालक्ष्मीचा मुखवटा मागून पाहिला तरी चेहरा समोरूनच दिसतो. असं का?

निळीशाई

आमच्याकडे महालक्ष्म्या बसतात. मुखवटे पितळी पत्र्याचे, ठोकून घडवलेले, आजेसासूबाईंच्या वेळचे. काल पेटीतून काढले, चिंच-मीठ लावून घासले, पुसले आणि समोरच्या खोलीत पाटावर भिंतीला टेकवून ठेवले. पालथे ठेवले होते, म्हणजे पोकळ बाजू माझ्याकडे.

संध्याकाळी स्वयंपाकघराच्या दारातून सहज नजर गेली, तर धाकटीचा चेहरा माझ्याकडे. नाक पुढे आलेलं, गाल भरलेले. वाटलं, कुणीतरी मुखवटा सुलटा केला असेल. मी दोन पावलं डावीकडे सरकले तर चेहराही वळला. उजवीकडे गेले, पुन्हा वळला. अंगावर सरसरून काटा आला. जवळ गेले. तीन-चार फुटांवर पोचले आणि क्षणात चेहरा आत गेला, समोर नुसती पोकळी. मागे सरकले की परत नाक बाहेर. असं मी दहा वेळा तरी केलं. आत बोट घालून पाहिलं, पत्रा खोलगटच लागतो. पुन्हा दारात जाऊन उभी राहिले, चेहरा परत बघायला लागला.

सासूबाईंना दाखवलं. त्यांनी हात जोडले आणि म्हणाल्या, "बघतेच ती." त्यावर मला काही बोलायचं नाही, तो त्यांचा आणि तिचा प्रश्न. माझा प्रश्न वेगळा आहे. पोकळी आहे हे मला माहीत आहे, माझ्या बोटालाही माहीत आहे. मग डोळे का ऐकत नाहीत? एकदा कळल्यावर दिसणं बदलायला नको का?

जाणकारांनी लिहावं. असे अनुभव असतील तर तेही लिहा.

रानवाट

वाचतानाच काटा आला. आमच्या गौरी खड्यांच्या, नदीवरून आणलेले पाच खडे. त्यांना पाठ-पोट काही नाही, त्यामुळे हा प्रयोग आमच्या घरी होणे नाही. :)

अक्षिपटल

निळीशाई, तुम्ही जे पाहिलंत त्यावर ब्रिटिश मानसशास्त्रज्ञ रिचर्ड ग्रेगरी यांनी पुष्कळ काम केलं आहे. ते चार्ली चॅप्लिनचा मुखवटा फिरवून दाखवायचे. मी डोळ्यांची डॉक्टर आहे, पण हा विषय डोळ्यापेक्षा डोळ्यामागचा आहे.

डोळ्याच्या पडद्यावर पडतं ते सपाट चित्र. बाहेर आलेलं नाक आणि आत गेलेलं नाक यांचं चित्र, विशेषतः लांबून, जवळजवळ सारखंच असतं. उजेड-सावलीवरून फरक करता येतो, पण त्यासाठी उजेड कुठून येतोय हेही ठरवावं लागतं. म्हणजे मेंदूपुढे दोन अर्थ असतात: वरून उजेड पडलेला पोकळ साचा, किंवा खालून उजेड पडलेला खराखुरा चेहरा. जन्मल्यापासून मेंदूने हजारो चेहरे पाहिले, त्यांतला एकही आतल्या बाजूला वळलेला नव्हता. त्यामुळे तो चेहराच निवडतो. हेल्महोल्ट्झ या जर्मन शास्त्रज्ञाने १८६७च्या सुमारास याला "नकळत काढलेलं अनुमान" म्हटलं होतं. त्यातला "नकळत" हा शब्द महत्त्वाचा. हे अनुमान तुम्हाला विचारून होत नाही, म्हणून तुम्हाला सत्य कळलं तरी ते बदलत नाही.

चेहरा वळतो त्याचं कारणही यातच आहे. नाक खरं तर सर्वांत लांब आहे आणि मेंदूने ते सर्वांत जवळ ठरवलंय. तुम्ही सरकलात की जवळच्या-लांबच्या गोष्टींच्या सरकण्याचा हिशेब उलटा लागतो. जुळवून घ्यायला एकच वाट उरते: चेहरा तुमच्यामागे वळतोय.

जवळ गेल्यावर मोडतं, कारण तिथे दोन डोळ्यांना दिसणाऱ्या चित्रांतला फरक मोठा होतो आणि पोकळीचा पुरावा नाकारता येत नाही. एक डोळा मिटून जवळ जाऊन बघा, मग मुखवटा उलटा, म्हणजे हनुवटी वर करून ठेवून बघा. काय होतं ते इथे लिहा.

निळीशाई

@अक्षिपटल, आत्ताच केलं! एक डोळा मिटला तर अगदी हातभर अंतरावरही चेहरा बाहेरच. आणि हनुवटी वर केली की बराच वेळ पोकळच दिसतो, मधूनच फक्त बाहेर येतो. उलट्या चेहऱ्यावर मेंदूचा तितका भरवसा नाही असं म्हणायचं का?

अक्षिपटल

हो, तसंच. उलटे चेहरे ओळखायलाही आपल्याला जड जातात.

वडाची साल

हे सगळे आपल्याकडे फार पूर्वीच सांगून ठेवले आहे. अंधारात दोरी पडलेली असते आणि आपण साप म्हणून दचकतो. शिंपला चकाकतो आणि चांदी वाटते. जे दिसते ते तसे नाही, हेच तर वेदान्त सांगतो. डोळ्यांवर विश्वास ठेवूच नये. मृगजळ, दोरीचा साप, हा मुखवटा, सगळी एकच गोष्ट.

तर्कतीर

वडाची साल, तुमच्या उदाहरणांबद्दल आदर आहे, पण या तीन गोष्टी एक नाहीत. आणि निळीशाईंच्या प्रश्नाचं मर्म नेमकं त्यांच्या फरकात आहे.

मृगजळ खरं असतं. तापलेल्या डांबरी रस्त्यालगतची हवा विरळ होते, आभाळाकडून येणारा उजेड तिथे वाकतो आणि आपल्या डोळ्यांपर्यंत पोचतो. कॅमेऱ्यातही ते येतं. मेंदूची त्यात चूक नाही, फार तर त्याला "पाणी" म्हणण्यापुरती.

दोरीचा साप अंधारामुळे. दिवा आणला की साप जातो, पुन्हा येत नाही. ज्ञान झालं की भ्रम गेला, म्हणून तर आचार्यांना तो दृष्टान्त उपयोगी पडला.

मुखवटा तिसराच. इथे दिवा लावून, बोट घालून, सगळं कळूनसुद्धा तो दिसत राहतो. ज्ञानाने न जाणारा भ्रम. म्हणून तो मला दोरीच्या सापापेक्षा जास्त विलक्षण वाटतो.

वडाची साल

तर्कतीर, मुद्दा मान्य आहे. दोरी आणि मुखवटा एका माळेत ओवायला नको होते. पण मग ज्ञानेश्वरीच्या चौथ्या अध्यायातला दृष्टान्त घ्या: नावेत बसलेल्याला काठावरची झाडे वेगाने जाताना दिसतात, नीट विचार केला की कळते, झाडे अचळ आहेत. कळल्यावरही नावेतून झाडे पळतानाच दिसतात. थोडे पुढेच न चालणाऱ्या सूर्याच्या चालण्याची ओवी आहे. सूर्य चालत नाही हे आज शाळेतल्या मुलालाही ठाऊक आहे, पण मावळताना तो चालतोच. हा तुमचा तिसरा प्रकार झाला की नाही?

तर्कतीर

झाला. पुरता झाला. मी या ओव्या या अंगाने कधी वाचल्या नव्हत्या, मनापासून आभार.

कल्याणकर७

नावेचं तेच लोकलचं. कल्याणला गाडी उभी, शेजारच्या रुळावर दुसरी उभी. अचानक आपली सुटली असं वाटतं, हात आपोआप दांड्याकडे जातो. मग पलीकडच्या गाडीचा शेवटचा डबा निघून जातो आणि फलाट जागच्या जागी. गेली बावीस वर्षं रोज प्रवास करतोय, अजून हात जातोच.

यावर मी वाचलं होतं की नजरेचा मोठा भाग एका दिशेने सरकला की मेंदू धरून चालतो की आपणच सरकतोय, कारण सगळं जग एकदम हलणं क्वचितच घडतं. कानातलं तोल सांभाळणारं इंद्रिय वेग बदलल्यावर जागं होतं. गाडी इतकी हळू सुटते की त्याच्याकडून खबर येत नाही, आणि डोळ्यांचं म्हणणं चालून जातं.

सह्यकडा

नाणेघाटातला उलटा धबधबा पण यातच येईल ना? पावसाळ्यात पाणी खालून वर जाताना दिसतं.

रानवाट

@सह्यकडा, नाही हो. तिथे पाणी खरंच वर येतं! कड्यावर आपटलेला वारा सरळ वर उसळतो आणि धार उचलून अंगावर फेकतो. नखशिखांत भिजून आलेय, तो भास नव्हता.

भास हवा असेल तर लेहजवळच्या मॅग्नेटिक हिलला जा. कारगिलच्या रस्त्यावर आहे. गाडी न्यूट्रलमध्ये टाकली की चढावर आपोआप जाते. तिथे चुंबक वगैरे काही नाही. तो रस्ता खरं तर उतारच आहे, पण भोवतालच्या डोंगरउतारांमुळे आडवं क्षितिज कुठे दिसत नाही, त्यामुळे सपाट कशाला म्हणायचं याचा अंदाजच बिघडतो. गाडीतल्या सगळ्यांना सांगूनही कुणाला उतार दिसला नाही. मलाही नाही.

चांदणवेडी

चंद्राचं कुणी कसं लिहिलं नाही? उगवताना तो परातीएवढा असतो आणि मध्यरात्री डोक्यावर आला की वाटीएवढा. पण डोळ्यात पडणारं त्याचं माप दोन्ही वेळी सारखंच, साधारण अर्धा अंश. हात लांब करून करंगळी धरली तर नखामागे आरामात लपतो, उगवतानाही आणि डोक्यावर असतानाही. उलट क्षितिजावर असताना तो आपल्यापासून किंचित लांब असतो, कारण मध्ये पृथ्वीची जवळपास एक त्रिज्या जास्त असते. म्हणजे असलाच तर तिथे कणभर लहान.

कागदाची बारीक पुंगळी करून तिच्यातून बघा, आजूबाजूची झाडं-इमारती झाकल्या की परात लगेच आक्रसते. पुंगळी काढा, पुन्हा परात. कारणावर शास्त्रज्ञांचं अजून एकमत नाही, ॲरिस्टॉटलपासून वाद चालू आहे. बहुतेक जण म्हणतात की क्षितिजाकडचं आभाळ आपल्याला लांब वाटतं, आणि लांब असून एवढा दिसतो म्हणजे मोठा असणार असा हिशेब होतो. पण लोकांना विचारलं तर ते म्हणतात क्षितिजावरचा चंद्र जवळ वाटतो! तिथे हे स्पष्टीकरण अडतं.

कोजागिरीला गच्चीवर दूध आटेपर्यंत सगळ्यांच्या हातात एकेक पुंगळी द्या. मुलं वेडी होतात.

पैठणीवाली

आमचं घर येवल्याचं, लहानपण मागाच्या खटखटीत गेलं. रंगांच्या बाबतीत डोळा किती चकतो ते आमच्याकडे रोज दिसायचं. गिऱ्हाईक दुकानात ट्यूबलाइटखाली पसंत केलेली साडी दारात उजेडाला नेऊन पुन्हा बघतं, ते शहाणपणाचंच आहे. पण त्याहून मोठी गंमत काठ आणि अंगाची. एकच मोतिया रंग हिरव्या काठाशेजारी वेगळा आणि जांभळ्या काठाशेजारी वेगळा. एका बाईंनी एकाच लडीतल्या सुताच्या दोन साड्या समोर ठेवून "रंग जुळत नाही" म्हणून वाद घातला होता. आजोबांनी दोन्ही काठांवर पांढरा कागद टाकून मधलं अंग तेवढं दाखवलं. मग गप्प झाल्या.

पुढे कॉलेजात कळलं की फ्रान्समध्ये हेच झालं होतं. पॅरिसच्या गोबलँ कारखान्यात गालिचे-पडदे विणायचे, तिथल्या रंगशाळेवर १८२४मध्ये शेव्रल नावाचे रसायनशास्त्रज्ञ नेमले गेले. तक्रार आली की काळा रंग फिका पडतोय. त्यांनी सूत तपासलं, रंग चोख होता. दोष शेजारच्या निळ्या-जांभळ्याचा होता, त्याच्यामुळे काळा मरत होता. त्यावर त्यांनी १८३९मध्ये भलंमोठं पुस्तक लिहिलं. वाचताना मला आजोबांचा पांढरा कागद आठवला.

(धूपछाव पैठणी मात्र यात धरू नका. ताणा एका रंगाचा आणि बाणा दुसऱ्या, त्यामुळे कोन बदलला की रंग खरोखरच बदलतो.)

कल्याणकर७

@पैठणीवाली, २०१५मध्ये फोनवर फिरलेला तो ड्रेस आठवतो? आमच्या ऑफिसात निम्म्यांना पांढरा-सोनेरी, निम्म्यांना निळा-काळा. जेवणाच्या सुट्टीत अक्षरशः दोन तट पडले.

पैठणीवाली

आठवतो! खरा ड्रेस निळा-काळाच होता. फोटोत उजेड कसला ते कळत नव्हतं. ज्यांच्या मेंदूने तो सावलीत धरला त्यांनी मनातल्या मनात निळसर छटा वजा केली आणि पांढरा पाहिला, ज्यांनी पिवळ्या दिव्याखाली धरला त्यांना निळा राहिला. अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठाच्या एडवर्ड ॲडेल्सन यांचं १९९५चं बुद्धिबळासारख्या पटाचं चित्रही असंच. त्यावर एका नळकांड्याची सावली पडलेली आणि दोन चौकोन, एक काळपट, एक पांढरट दिसतो. प्रत्यक्षात दोन्ही एकाच करड्या रंगाचे. मी कागदाला दोन भोकं पाडून तपासलं तेव्हाच पटलं. कागद काढला आणि पुन्हा वेगळे.

पण मी याला फसवणूक म्हणणार नाही. सावलीतला रंग ओळखता आला नसता तर मला मांडवात एक साडी धड निवडता आली नसती.

प्रश्नचिन्ह

सगळे "मेंदूला सवय" म्हणताहेत. पण ही सवय शिकलेली की उपजत? मी वाचलंय ते शिकण्याच्या बाजूचं आहे. दोन सारख्या रेघा, एकीच्या टोकांना बाण आत वळलेले, दुसरीच्या बाहेर, की एक लांब दिसते. म्युलर-लायर यांनी १८८९मध्ये दाखवलेली. १९६६मध्ये अमेरिकन संशोधकांनी जगभरातल्या अनेक समाजांत ती तपासून निष्कर्ष छापले. अमेरिकेतल्या लोकांना फरक खूप मोठा दिसला, आफ्रिकेतल्या कालाहारी वाळवंटातल्या सान लोकांना जवळजवळ नाहीच. त्यांनी कारण दिलं की काटकोनी भिंती, कोपरे, टेबलं यांच्यात वाढलेले लोक त्या बाणांना खोलीचे कोपरे समजतात. म्हणजे आपलं घर आपल्या डोळ्यांना घडवतं. मला हे पूर्ण पटतं.

अक्षिपटल

@प्रश्नचिन्ह, मलाही बरीच वर्षं पटत होतं. मग प्रोजेक्ट प्रकाशचे निष्कर्ष आले आणि मला विचार बदलावा लागला.

एमआयटीतले पवन सिन्हा यांनी हे काम सुरू केलं. उत्तर भारतातल्या गावांत जन्मतः मोतीबिंदू असलेली, कधीच शस्त्रक्रिया न झालेली मुलं शोधायची, दिल्लीत त्यांच्यावर उपचार करायचे आणि दृष्टी आल्यावर ती कसं बघायला शिकतात ते त्यांच्याबरोबर बसून पाहायचं. २०१५मध्ये अशा नऊ मुलांना, वयं ८ ते १६, दृष्टी आल्याआल्या त्याच बाणांच्या रेघा दाखवल्या आणि रुळांसारख्या निमुळत्या होत जाणाऱ्या रेघांमधली पोंझोची आकृतीही, जिच्यात दोन सारख्या आडव्या रेघांपैकी वरची लांब वाटते. ज्या मुलांनी तोवर एकही कोपरा, एकही रस्ता धड पाहिला नव्हता, ती पहिल्याच वेळी आपल्यासारखीच फसली. मग खोलीच्या कोपऱ्यांची सवय हे कारण पुरत नाही.

पण सगळं उपजत असतं असंही नाही. आयर्लंडच्या मॉलिन्यू यांनी १६८८मध्ये तत्त्वज्ञ जॉन लॉक यांना एक प्रश्न विचारला होता: जन्मांधाला दृष्टी आली तर हाताने ओळखत असलेला गोळा आणि घन तो नुसत्या नजरेने ओळखेल का? २०११मध्ये याच प्रकल्पातल्या पाच मुलांवर हे तपासलं. हातात दिलेली वस्तू नजरेने ओळखायला सांगितल्यावर सुरुवातीला त्यांची उत्तरं अंदाजपंचेच होती. काही दिवसांतच मात्र जमायला लागलं.

माझ्या टेबलासमोर पट्टी काढल्यावर रुग्ण बघायला लागतो तो क्षण मी शेकडो वेळा पाहिलाय. ही मुलं वाचल्यापासून मी त्या क्षणी घाईने "दिसलं का?" असं विचारत नाही. "काय दिसतंय?" असं विचारते.

प्रश्नचिन्ह

या मुलांचं मला अजिबात माहीत नव्हतं. मग सान लोकांचं काय? त्यांना फरक का दिसला नाही?

अक्षिपटल

समाजासमाजांत फरक सापडले आहेत, ते नाकारता येत नाहीत. फक्त "कोपऱ्यांमुळे" हे उत्तर अपुरं आहे. कदाचित भ्रमाचं मूळ उपजत आणि अनुभवाने तो कमी-जास्त होत असेल. हे माझं मत.

एकाक्ष

माझा डावा डोळा लहानपणापासून आळशी, वेळेवर पट्टी बांधली गेली नाही, त्यामुळे दोन डोळ्यांची खोली मला कधी मिळाली नाही. हा धागा वाचून शेजारच्या मुलाचा जत्रेतला प्लास्टिकचा हनुमान मागून आणला. मला तो मागच्या बाजूने जवळ आणल्यावरही बाहेर आलेलाच दिसतो, नाकाला नाक लागेपर्यंत. बायकोला तीन फुटांवर पोकळ दिसायला लागतो. चोवीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदा आम्ही एकाच वस्तूकडे बघत "तुला काय दिसतंय" असं एकमेकांना इतकं विचारलं. सुईत दोरा ओवताना मी का चाचपडतो ते तिला आज कळलं.

सायसाखर

एक माहिती भीतभीत देतेय. माझ्या भावाला स्किझोफ्रेनिया आहे, म्हणून मी या विषयावर वाचत असते. २००९च्या एका अभ्यासात दिसलं की या आजारातल्या लोकांना पोकळ मुखवटा पोकळच दिसला, इतरांसारखा बाहेर आलेला नाही. संशोधकांचं म्हणणं असं की आपल्यात आधीची समज वरून खाली येऊन डोळ्यांच्या खबरीला वळवते, त्यांच्यात ते जोडकाम कमकुवत पडतं. अभ्यास छोटा होता. कृपया घरात कुणाची या मुखवट्याने परीक्षा घेऊ नका, त्याने काहीही सिद्ध होत नाही. मी भावाला दाखवलेला नाही आणि दाखवणारही नाही. फक्त मला एवढं जाणवलं की आपल्याला "नीट" दिसण्यात आपली समजूत किती मिसळलेली असते.

अक्षिपटल

सायसाखर, बरं केलंत लिहिलंत, आणि परीक्षेबद्दलचा इशाराही अगदी योग्य. भावाला बरं वाटो.

निळीशाई, तुमच्यासाठी अजून एक. २००६मध्ये झालेल्या एका प्रयोगात, ग्रेगरीही त्यात होते, पोकळ चेहऱ्यावर एक छोटी वस्तू चिकटवली आणि लोकांना ती बोटाने झटकन उडवायला सांगितली. डोळ्यांना चेहरा बाहेर आलेला दिसत असूनही हात थेट खऱ्या जागी गेला. सावकाश बोट दाखवायला सांगितलं तेव्हा मात्र हात दिसणाऱ्या, म्हणजे खोट्या जागी जात होता. मेंदूत दिसण्यासाठी एक वाट आणि हालचालीसाठी दुसरी, असं त्यावरून मांडतात. विसर्जनानंतर जमलं तर करून बघा.

निळीशाई

काल विसर्जन झालं. मुखवटे उतरवले, पेटीत ठेवण्याआधी सासूबाईंची परवानगी घेतली. प्रयोग ऐकून त्या स्वतःच समोर येऊन बसल्या.

धाकटीच्या नाकाच्या आतल्या टोकाला लाल टिकली अर्धवट चिकटवली. मुखवटा भिंतीला टेकवला, हातभर अंतर, एक डोळा मिटलेला. आधी माझा मुलगा, दहावीतला. सावकाश बोट ने म्हटलं, तर त्याचं बोट टिकलीच्या बरंच अलीकडे हवेत थांबलं आणि तो म्हणाला, "लागली." लागली नव्हती. मग म्हटलं, विचार न करता झटक्यात उडव. एका झटक्यात हात आत गेला आणि टिकली उडाली. त्याला विचारलं, चेहरा कसा दिसत होता? म्हणाला, "बाहेरच. पूर्ण वेळ." तीन वेळा केलं, तिन्ही वेळा तसंच. माझं दोनदा जमलं, एकदा हुकलं.

म्हणजे माझ्या प्रश्नाचं उत्तर मला असं मिळालं की ज्ञान कुठेच पोचत नाही असं नाही. माझ्या हातापर्यंत ते पोचलेलं होतं. दारात उभी असलेल्या मला मात्र ते कुणी सांगत नव्हतं.

मग सासूबाईंनी एक डोळा मिटला. त्यांचा मोतीबिंदू गेल्या वर्षीच निघालाय. बराच वेळ नुसत्या बघत बसल्या, टिकली काही उडवली नाही. शेवटी मुखवटा हातात घेतला, आतल्या नाकावरून अंगठा फिरवला, जुन्या मलमलीत गुंडाळला आणि म्हणाल्या, "पुढच्या वर्षी समई खाली ठेवून बघू. खालून उजेड पडला की कशी दिसते ते बघायचंय मला."